पुरंदरची न उघडलेली पेढी



पुण्याहून सोलापूरच्या सडकेनें निघालें म्हणजे तीन कोसांवर हडपसर लागतें. आज तें पुणें महानगरपालिकेच्या हद्दींत आहे, आणि शहर कोठें संपलें व गांव कोठें सुरू झालें हें नव्या माणसास कळावयाचें नाहीं. परंतु वारकऱ्यांच्या लेखीं हडपसर म्हणजे दोन पालख्यांनीं एकमेकींचा निरोप घेण्याचें ठिकाण. ज्ञानोबांची पालखी येथून उजवीकडे वळते, दिवे घाट चढते आणि सासवडास जाते. तुकोबांची पालखी सरळ लोणीकडे चालूं लागते. आज जी हकीकत मीं सांगावयास घेतली आहे, तिलाही हाच फांटा आहे. सरळ गेलें तर जुना भीमथडी तालुका. घाट चढून गेलें तर पुरंदर. १८७५ सालीं भीमथडींतील सुपें गांवीं कुणब्यांनीं सावकारांचीं खतें चव्हाट्यावर आणून जाळलीं. त्यानंतर सात वर्षांनीं पुण्याच्या जिल्हा न्यायाधीशांनीं असें मनांत घेतलें कीं, पुरंदर तालुक्यांत शेतकऱ्यांसाठीं एक पेढी काढावी, म्हणजे पुन्हां कोणावर खतें जाळण्याची पाळी येणार नाहीं. ती पेढी निघाली नाहीं. ते न्यायाधीश मात्र पुढें स्वदेशीं जाऊन पार्लमेंटचे सभासद झाले, आणि आपल्या राष्ट्रीय सभेचे दोन वेळां अध्यक्ष झाले. त्यांचें नांव सर विल्यम वेडरबर्न.

आमच्या घरीं एक जुनी पत्र्याची पेटी आहे. तींत एक मोडी लिपींतलें गहाणखत आहे. आजोबा तें फेकूं देत नसत आणि वाचूनही दाखवीत नसत. मीं मोडी शिकलों तो मुख्यतः तें खत वाचण्यासाठीं. वाचल्यावर त्यांत विशेष असें कांहीं निघालें नाहीं: बैल घेण्यासाठीं काढलेलें थोडेंसें कर्ज, आणि त्यापायीं अडकलेली विहिरीजवळची जमीन. अशीं खतें हवेली, भीमथडी, पुरंदर या तालुक्यांतील कित्येक घरांतून असतील. परंतु त्या कागदामुळें वेडरबर्नसाहेबांच्या योजनेकडे माझें लक्ष गेलें, आणि मग त्या गृहस्थाचा पिच्छा मला सोडवेना.

वेडरबर्न यांचें घराणें स्कॉटलंडांतलें, आणि त्याचा इतिहास मोठा विलक्षण आहे. त्यांचे पणजोबा स्टुअर्ट राजघराण्याच्या बाजूनें बंडांत सामील झाले, आणि त्याबद्दल १७४६ सालीं त्यांना फांशीं देण्यांत आलें. आजोबा जमेकांत जाऊन उंसाच्या मळ्यांवर धनाढ्य झाले व येतांना जोसेफ नाइट नांवाचा एक गुलाम बरोबर घेऊन आले. त्या नाइटनें आपल्या मुक्ततेसाठीं दावा लावला, आणि १७७८ सालीं स्कॉटलंडच्या वरिष्ठ न्यायालयानें असा निकाल दिला कीं, गुलामगिरी या देशाच्या कायद्यास मान्य नाहीं. म्हणजे एका पिढीनें राजद्रोहासाठीं मरण पत्करलें, आणि पुढच्या पिढीनें दुसऱ्या माणसावर मालकी सांगून कोर्टांत हार खाल्ली! वडील मुंबई इलाख्याच्या मुलकी नोकरींत होते. विल्यम यांचा जन्म २५ मार्च १८३८ चा, एडिंबरोचा. त्यांचे थोरले बंधु जॉन हे १८५७ च्या धामधुमींत हिसार येथें अधिकारावर होते. तेथें ते, त्यांची पत्नी आणि तान्हें मूल असे तिघेही मारले गेले. या घटनेनंतर अवघ्या तीन वर्षांनीं, १८६० सालीं, विल्यम वेडरबर्न मुंबई इलाख्याच्या नोकरींत धारवाडास रुजू झाले. भावाच्या रक्ताचा सूड मनांत बाळगून आलेले इंग्रज तेव्हां या देशांत थोडे नव्हते. वेडरबर्न मात्र सूडबुद्धीनें आले नाहींत, आणि नोकरीच्या सत्तावीस वर्षांत तसें कांहीं त्यांच्या हातून घडलेंही नाहीं. हें एवढें एकच असतें तरी मला त्यांच्याविषयीं कुतूहल वाटलें असतें.

धारवाडनंतर ते सिंधमध्यें न्यायखात्यांत होते, आणि १८८२ सालीं पुण्यास जिल्हा व सेशन्स न्यायाधीश म्हणून आले. त्याच वर्षीं त्यांचे बंधु सर डेव्हिड वारले आणि घराण्याचा किताब विल्यम यांच्याकडे आला.

आतां पुण्याची तेव्हांची स्थिति थोडी सांगितली पाहिजे. अमेरिकेंत १८६१ पासून १८६५ पर्यंत यादवी युद्ध चाललें असतां आपल्याकडील कापसाला सोन्याचा भाव आला. सावकारानें हात सैल सोडला, कुणब्यानें कर्ज काढलें. युद्ध संपलें, भाव कोसळले. आणि त्याच सुमारास नवी पाहणी होऊन कित्येक तालुक्यांत सरकारी सारा वाढला. सारा रोकड द्यावयाचा, ठरल्या दिवशीं द्यावयाचा, पीक येवो अगर न येवो. तो भरण्यासाठीं सावकाराकडे जावयाचें, आणि सावकारानें नकार दिला कीं बैल विकावयाचे. पूर्वीं सावकार आणि कूळ यांचा तंटा गांवांतच राही, आणि गांवाची भीड दोघांनाही असे. आतां सावकाराच्या हातीं दिवाणी कोर्ट आलें. समन्स निघे, कुणबी हजर होत नसे, कारण हजर होऊन बोलावयाचें काय हें त्याला ठाऊक नसे. एकतर्फी हुकूमनामा होई, आणि जमीन जाई. १२ मे १८७५ रोजीं सुप्याच्या बाजारच्या दिवशीं जें झालें तें यांतून झालें. तेथें आणि पुढें पुणें व नगर जिल्ह्यांतील इतर गांवीं लोकांनीं सावकारांना जीवें मारण्याऐवजीं त्यांचीं खतें मागितलीं व जाळलीं, ही गोष्ट चौकशीसाठीं नेमलेल्या कमिशनच्याही लक्षांत आली होती. भांडण माणसाशीं कमी आणि कागदाशीं अधिक होतें.

सरकारनें १८७९ सालीं दक्षिणेंतील शेतकऱ्यांच्या संरक्षणाचा कायदा केला. त्या कायद्यानें न्यायाधीशाला खताच्या मागें जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार मिळाला, कर्जासाठीं कैद बंद झाली, हप्ते बांधून देण्याची सोय झाली. पुण्यांत त्या कामावर कांहीं काळ न्यायमूर्ति महादेव गोविंद रानडे होते, आणि त्यांनीं गांवोगांव फिरून हजारों व्यवहार पाहिले. कायदा चांगला होता. परंतु कायद्यानें सावकाराचे हात बांधले म्हणजे कुणब्याच्या घरीं पेरणीला बियाणें येतें असें नाहीं. सावकार वाईट असेल, पण मृगाच्या आधीं पैसा देणारा तोच एक होता. त्याला दूर सारावयाचें तर त्याच्या जागीं दुसरें कोणी तरी उभें राहिलें पाहिजे. ही साधी गोष्ट सरकारी कागदांच्या ढिगाऱ्यांत कोणाच्या ध्यानांत येत नव्हती; ती रानडे आणि वेडरबर्न या दोघांच्या ध्यानांत आली. एक सब-जज्ज, दुसरे जिल्हा न्यायाधीश. एक नेटिव्ह, दुसरे साहेब. हुद्द्याचें अंतर मोठें होतें. परंतु या बाबतींत वेडरबर्न यांनीं रानड्यांकडून शिकून घेण्यास संकोच मानला नाहीं.

वेडरबर्न यांचें मन तसें आधींपासूनच या बाजूला झुकलेलें होतें. पंचायतीच्या मार्गानें खेड्यांतील तंटे मिटवावे, कोर्टकचेऱ्यांच्या खर्चांत कुणब्याला घालूं नये, असें त्यांनीं पुण्यास येण्यापूर्वींच लिहिलें होतें. पुण्यांत सार्वजनिक काका म्हणजे गणेश वासुदेव जोशी यांनीं १८७६ सालीं लवाद कोर्ट काढून हाच प्रयोग लोकांच्या बळावर करून पाहिला होता. म्हणजे भूमि नांगरलेली होती.

योजना अशी होती. पुण्यांतील पैसेवाल्या मंडळींनीं भांडवल घालून एक पेढी काढावी. प्रयोगापुरता एकच तालुका घ्यावा, तो पुरंदर. आरंभीं सरकारी अधिकाऱ्यांनीं गांवोगांव जाऊन कुळें आणि सावकार यांच्यामध्यें तडजोड करावी, जुन्या कर्जाचा वाजवी आंकडा ठरवावा, आणि ती रक्कम सरकारनें सावकाराला रोख देऊन टाकावी. ती पुढें कुणब्यानें हप्त्याहप्त्यानें फेडावी. अशा रीतीनें पाटी कोरी झाली म्हणजे नवें कर्ज पेढीनें माफक व्याजानें द्यावें. पेढीच्या कागदांना स्टँपाची आणि नोंदणीची फी माफ असावी. आणि शेवटचें कलम हें कीं, पेढीचें येणें दिवाणी दाव्याच्या भानगडींत न पडतां सरकारी साऱ्याप्रमाणें वसूल व्हावें. या शेवटच्या कलमावर सर्वांत अधिक खल झाला, आणि तो व्हावयासच पाहिजे होता. त्याकडे मी पुन्हां येणार आहें.

१८८२ च्या अखेरीस पुण्यांत या कामीं सभा झाली, पैसेवाले लोक पुढें आले, कमिटी नेमली गेली. कर्जाऊ पैसा देणारे लोकच अशा पेढीला भांडवल देऊं म्हणाले, याचें आज आपणांस नवल वाटेल. परंतु मोठ्या सावकाराला कुणब्याच्या दारीं जाऊन चार-चार रुपये वसूल करण्याची हौस नव्हती. थोडें व्याज पण खात्रीचें, हें त्यालाही हवें होतें. मुंबईचे गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनीं योजनेला पाठिंबा दिला. व्हाइसरॉय लॉर्ड रिपन अनुकूल होते. त्यांच्या सरकारांतील जमाखर्चाचे मंत्री एव्हलिन बेअरिंग तर अतिशयच अनुकूल होते. कागद शिमल्याहून लंडनला गेले. आणि १८८४ सालीं स्टेट सेक्रेटरी लॉर्ड किंबर्ले यांनीं योजना नामंजूर केली.

आपल्याकडील इतिहासांत इंग्रज अधिकारी वाईट आणि विलायतेंतील उदारमतवादी मुत्सद्दी चांगले असें एक चित्र पुष्कळ दिवस रंगविलेलें होतें. येथें तें उलटें झालें आहे हें श्रोत्यांनीं पाहावें. पुण्यांतला न्यायाधीश, मुंबईचा गव्हर्नर, शिमल्याचा व्हाइसरॉय हे सर्व एका बाजूला; आणि ग्लॅडस्टनच्या उदारमतवादी मंत्रिमंडळांतील एक गृहस्थ, ज्यांनीं दिवे घाटही पाहिलेला नव्हता, ते दुसऱ्या बाजूला. आणि तेवढें पुरलें.

या गोष्टीचें एक शेंपूट आहे, तें सांगितल्यावांचून राहवत नाहीं. एव्हलिन बेअरिंग १८८३ सालीं हिंदुस्थान सोडून इजिप्तला गेले आणि लॉर्ड क्रोमर या नांवानें तेथील कारभाराचे सर्वेसर्वा झाले. १९०२ सालीं त्यांच्या कारकीर्दींत इजिप्तमध्यें शेतकऱ्यांसाठीं एक पेढी निघाली, आणि तिचे हप्ते सरकारी सारा वसूल करणारे लोकच गोळा करीत. पुरंदरच्या कुणब्यासाठीं जें शक्य नाहीं असें ठरलें, तें नाईल नदीच्या कांठीं झालें. वेडरबर्न यांनीं पुढें आयुष्यभर हें उदाहरण सरकारपुढें ठेवलें.

आतां त्या वसुलीच्या कलमाविषयीं. प्रथम मी जेव्हां ही हकीकत वाचली तेव्हां किंबर्लेसाहेबांना मनांतल्या मनांत पुष्कळ बोल लावले. आतां माझें मत तितकें सरळ राहिलेलें नाहीं. समजा, पेढी निघाली असती. दुष्काळाच्या वर्षीं हप्ता थकला असता. सावकार निदान कोर्टांत जाई, तारखा पडत, मध्यें कांहीं महिने जात. पेढीसाठीं मात्र मामलेदाराचा शिपाईच दारांत उभा राहिला असता, जसा साऱ्यासाठीं राहत असे. १८९६-९७ आणि १८९९-१९०० हे दोन भयंकर दुष्काळ पुढें यावयाचेच होते. त्या वर्षीं पेढीनें काय केलें असतें? आणि दुसरें असें कीं, या योजनेंत कुणबी हा केवळ ऋणको होता. पेढी पुण्याच्या शेठजींची, व्यवस्था त्यांची, वसुली सरकारची; ज्याच्यासाठीं सारें चाललें तो कोठेंच नव्हता. जर्मनींत रायफायझन यांनीं खेडेगांवांतून ज्या पतपेढ्या काढल्या होत्या, त्यांत गांवकरीच भागीदार आणि गांवकरीच जामीन असत. पुरंदरच्या योजनेंत ती गोष्ट नव्हती. आमच्याच हडपसरांत अलीकडे मगरपट्ट्याच्या शंभराहून अधिक शेतकरी कुटुंबांनीं सुमारें ४०० एकर जमीन एकत्र करून, ती बिल्डराला विकण्याऐवजीं स्वतःच भागीदार होऊन वसाहत उभारली. त्या व्यवहाराचें बरेंवाईट कांहींही असो, जमिनीचा मालक हिशेबाच्या वहींत मालक म्हणूनच राहिला. १८८२ सालीं ही कल्पना पुण्यांतील थोरांनाही सुचलेली दिसत नाहीं.

तथापि एवढें बोलूनही मी म्हणेन कीं, प्रयोग व्हावयास पाहिजे होता. एकच तालुका होता. चुकला असता तर एका तालुक्यांत चुकला असता, आणि त्यापासून शिकण्यास वीस वर्षें आधीं आरंभ झाला असता.

पुण्यांतील इतर कामांतही वेडरबर्न यांचा हात होता. १८८४ सालीं रानडे, भांडारकर, मोडक प्रभृति मंडळींनीं मुलींची हायस्कूल काढली, जी आज आपण हुजूरपागा म्हणून ओळखतों; तिला वेडरबर्न यांनीं आपले दिवंगत बंधु सर डेव्हिड यांच्या स्मरणार्थ मोठी देणगी दिली. त्याच वर्षीं डेक्कन एज्युकेशन सोसायटीची स्थापना झाली. तिच्या पाठीशीं जे थोडे इंग्रज उभे राहिले त्यांत हे होते. लॉर्ड रिपन यांच्या स्थानिक स्वराज्याच्या धोरणाचा त्यांनीं उघड पुरस्कार केला, आणि तो बहुतेक युरोपियन मंडळींच्या डोळ्यांत सलत असे. १८८५ सालीं ते मुंबई हायकोर्टांत हंगामी न्यायाधीश झाले. कायम झाले नाहींत. राष्ट्रीय सभेची पहिली बैठक खरें म्हणजे पुण्यास भरावयाची होती; पटकीच्या सांथीमुळें ती डिसेंबर १८८५ मध्यें मुंबईस, गोकुळदास तेजपाल पाठशाळेंत भरली. नोकरींत असल्यामुळें वेडरबर्न प्रतिनिधि होऊं शकत नव्हते; परंतु जमलेल्या मंडळींचें स्वागत करण्यास जे गोरे गृहस्थ आले त्यांत ते होते. १८८७ सालीं मुंबई सरकारचे हंगामी मुख्य सेक्रेटरी असतांना त्यांनीं पेन्शन घेतलें.

येथून त्यांच्या आयुष्याचा दुसरा भाग सुरू होतो. नोकरींतून सुटलेला इंग्रज अधिकारी सामान्यतः विलायतेस जाऊन शिकार करी, क्लबांत बसे, आणि हिंदुस्थान कसा हातचा चालला याबद्दल वर्तमानपत्रांना पत्रें लिही. वेडरबर्न दोन वर्षांनीं परत आले ते १८८९ च्या मुंबईच्या राष्ट्रीय सभेचे अध्यक्ष होऊन. त्या सभेला पार्लमेंटचे प्रसिद्ध सभासद चार्ल्स ब्रॅडलॉ आले होते. आणि योगायोग असा कीं प्रतिनिधींची संख्याही त्या सालाइतकीच, म्हणजे १८८९ भरली. टिळक आणि गोखले हे दोघेही त्याच सभेस प्रथम हजर राहिले, आणि पंडिता रमाबाई प्रतिनिधि म्हणून बसल्या होत्या. लंडनमध्यें राष्ट्रीय सभेची ब्रिटिश कमिटी त्याच वर्षीं उभी राहिली. तिचें अध्यक्षपद वेडरबर्न यांनीं अखेरपर्यंत सांभाळलें, आणि १८९० पासून तिचें ‘इंडिया’ नांवाचें पत्र निघूं लागलें. इकडून पैसे वेळेवर जात नसत. ठराव मात्र दर वर्षीं जात. तूट भरून काढावयाची कोणीं? ह्यूम, दादाभाई आणि वेडरबर्न यांच्या खिशांनीं.

पार्लमेंटमध्यें शिरण्याचा त्यांचा पहिला प्रयत्न १८९२ सालीं फसला. पुढल्या वर्षीं स्कॉटलंडच्या ईशान्य किनाऱ्यावरील बँफशायर या मतदारसंघानें त्यांना निवडून दिलें. हा मतदारसंघ शेतकरी आणि कोळी लोकांचा. पुण्याच्या कुणब्याशीं त्यांचा संबंध काय? पण त्यांनीं आपला प्रतिनिधि हिंदुस्थानाविषयीं बोलूं लागला म्हणून तक्रार केली नाहीं, आणि १८९५ सालीं पुन्हां त्यालाच निवडून दिलें. या निनांवी मतदारांचे आभार आपल्याकडे कोणी मानल्याचें माझ्या वाचनांत नाहीं.

कॉमन्स सभेंत तेव्हां दादाभाई नौरोजी होते. ते १८९२ सालीं लंडनमधील सेंट्रल फिन्सबरींतून अगदीं थोड्या मतांनीं निवडून आले होते. दोघांनीं मिळून १८९३ सालीं हिंदुस्थानचें हित पाहणाऱ्या सभासदांची एक पार्लमेंटरी कमिटी बांधली. त्याच वर्षीं २ जून रोजीं कॉमन्स सभेनें असा ठराव मंजूर केला कीं, सिव्हिल सर्व्हिसची परीक्षा लंडनप्रमाणेंच हिंदुस्थानांतही एकाच वेळीं घेण्यांत यावी. ठराव झाला, आणि सरकारनें तो गुंडाळून ठेवला. पार्लमेंटचा ठराव म्हणजे कायदा नव्हे, हा धडा त्या दिवशीं अनेकांना मिळाला. १८९५ च्या निवडणुकींत दादाभाई पडले. मंचरजी भावनगरी विरुद्ध पक्षाकडून निवडून आले, आणि सभागृहांत राष्ट्रीय सभेची बाजू मांडण्याचा बराचसा भार वेडरबर्न यांच्यावर आला.

हें काम कसलें होतें याची कल्पना आज येणें कठीण. हिंदुस्थानच्या जमाखर्चाची चर्चा अधिवेशनाच्या अगदीं शेवटीं, ऑगस्ट महिन्यांत, बहुतेक सभासद सुटीसाठीं निघून गेल्यावर होत असे. तीस कोटी लोकांचा हिशेब रिकाम्या बांकांपुढें मांडला जाई. वेडरबर्न हे कांहीं मोठे वक्ते नव्हते. ब्रॅडलॉचा मेघगर्जनेसारखा आवाज त्यांना नव्हता, आणि दादाभाईंप्रमाणें आंकड्यांचा मारा करण्याची हातोटीही नव्हती. ते प्रश्न विचारीत. उत्तर आडवळणाचें आलें तर पुन्हां विचारीत. असा माणूस सभागृहाला कंटाळवाणा होतो. परंतु कारकुनांना त्याची धास्ती असते.

१८९५ सालीं हिंदुस्थानच्या खर्चाची चौकशी करण्यासाठीं लॉर्ड वेल्बी यांच्या अध्यक्षतेखालीं रॉयल कमिशन नेमलें गेलें, आणि त्यांत दादाभाई, केन व वेडरबर्न असे तिघे आपल्या बाजूचे होते. १८९७ सालीं त्याच्यापुढें साक्ष देण्यास पुण्याहून तीस वर्षांचे गोपाळ कृष्ण गोखले गेले. ही साक्ष उत्तम झाली. परंतु त्याच मुक्कामांत गोखल्यांवर जो प्रसंग ओढवला त्याची आठवण पुण्यांत फार दिवस राहिली. इकडे प्लेगचा कहर, रँडसाहेबांचा अंमल, घराघरांत शिरणारे गोरे सोल्जर. पुण्याहून मित्रांचीं पत्रें गेलीं. त्यांत स्त्रियांवरील अत्याचाराच्या हकीकती होत्या. गोखल्यांनीं त्या वर्तमानपत्रांत प्रसिद्ध केल्या आणि वेडरबर्न यांच्या गटांतील पार्लमेंटच्या सभासदांपुढेंही ठेविल्या. २२ जून रोजीं गणेशखिंडीच्या रस्त्यावर रँडवर गोळी झाडली गेली. गोखले परत आले तेव्हां पत्र लिहिणारांचीं नांवें ते सांगूं शकत नव्हते आणि पुरावा हातीं नव्हता. त्यांनीं जाहीर माफी मागितली. पुण्यांत त्यांच्यावर टीकेची झोड उठली, आणि लंडनमध्यें त्यांच्या शब्दावर विश्वास ठेवणारे तोंडघशीं पडले. वेडरबर्न यांच्या जागीं दुसरा कोणी असता तर त्यानें या तरुणाशीं पुढें सलाम-रामरामापुरताच संबंध ठेवला असता. यांनीं तसें केलें नाहीं. गोखले १९१५ सालीं वारले, तोंपर्यंत या दोघांचा स्नेह आणि पत्रव्यवहार अखंड चालला. आणि विलायतेंतील राजकारणाचे धागे गोखल्यांच्या हातीं देण्याचें काम जर कोणीं केलें असेल तर तें यांनीं.

वेल्बी कमिशनचा अहवाल १९०० सालीं आला. त्या तिघांनीं आपलें भिन्न मत वेगळें नोंदविलें. त्याच वर्षीं वेडरबर्न यांची पार्लमेंटची कारकीर्द संपली. सात वर्षें. त्यांच्या हातून एकही कायदा झाला नाहीं.

परंतु पुरंदर त्यांच्या डोक्यांतून गेलें नव्हतें. १९०१ सालीं दुष्काळाच्या पाठोपाठ त्यांनीं लंडनमध्यें एक मंडळ स्थापन केलें आणि सरकारकडे एकच मागणी केली. ती अशी कीं, नमुन्यादाखल कांहीं खेडीं निवडा, आणि तेथील घरोघरची स्थिति तपासा: जमीन किती, कर्ज किती, पोटाला किती, साऱ्याला किती. वादविवाद नको, मोजून पाहा. सरकारनें मोजून पाहिलें नाहीं. तें काम पुढें पुण्याच्या शेतकी कॉलेजचे प्रिन्सिपॉल डॉ. हॅरल्ड मॅन यांनीं केलें. त्यांनीं पुण्याजवळच्या पिंपळे सौदागर या खेड्याची घरोघर जाऊन पाहणी केली, आणि १९१७ सालीं ती पुस्तकरूपानें प्रसिद्ध झाली. वेडरबर्न तेव्हां एकोणऐंशी वर्षांचे होते.

१९०४ सालीं ते मुंबईच्या राष्ट्रीय सभेस सर हेन्री कॉटन यांच्याबरोबर आले होते. १९१० सालीं, बहात्तराव्या वर्षीं, अलाहाबादच्या सभेचे अध्यक्ष म्हणून पुन्हां आले. सुरतेस १९०७ सालीं फुटलेली सभा सांधावी, आणि हिंदु व मुसलमान पुढाऱ्यांना एका जागीं बसवावें, हा त्यांचा हेतु होता. पुढारी एका जागीं बसले. सांधा मात्र त्या वेळीं बसला नाहीं. टिळक तेव्हां मंडालेच्या तुरुंगांत होते. १९१३ सालीं वेडरबर्न यांनीं आपले मित्र ह्यूम यांचें चरित्र लिहून प्रसिद्ध केलें. २५ जानेवारी १९१८ रोजीं इंग्लंडांत ग्लॉस्टरशायरमधील मेरेडिथ या राहत्या घरीं ते वारले.

पतपेढ्यांचा कायदा शेवटीं झाला, तो २५ मार्च १९०४ रोजीं. त्या दिवशीं वेडरबर्न यांना सहासष्ट वर्षें पुरीं झालीं. कायदा करणारांना ही तीथ ठाऊक असण्याचें कांहींच कारण नव्हतें. त्या कायद्यांत भागीदार गांवकरीच होते, आणि शेठजींचें भांडवल नव्हतें. पुढें १९१२ सालीं दुसरा कायदा झाला, आणि पुणें जिल्ह्यांत नीरा कालव्याच्या कांठीं उंसासाठीं पतसंस्था निघाल्या. पुरंदरच्या कोरडवाहू गांवांना त्या मानानें उशीर लागला.

आमच्या पेटींतील खतावर मागच्या बाजूस हप्त्यांची नोंद आहे. सहा हप्ते भरल्याचें दिसतें, आणि दर वेळीं तें व्याजांत धरलें आहे. सालाची ओळ वाळवीनें खाल्ली आहे, म्हणून तें १८८४ च्या आधींचें कीं नंतरचें, हें मला सांगतां येत नाहीं.